हेवा वाटणे आणि हेवा करणे

पत्राचा आशय : पत्रलेखिका आणि त्यांची मैत्रीण गेली १४ वर्षे बरोबरीने कथा लिहीत आहेत. एकमेकींचे कच्चे खर्डे वाचणे, खोडणे, पुन्हा लिहायला लावणे हा दोघींचा नेम आहे. मैत्रिणीचा पहिला कथासंग्रह नुकताच प्रसिद्ध झाला. तो हाती आला त्या रात्री पत्रलेखिकेने लेखनमंडळाच्या व्हॉट्सॲप समूहावर लिहिले, "पुस्तक हातात घेतलं आणि तुझा खूप हेवा वाटला." सकाळी मैत्रिणीचे एका ओळीचे उत्तर आले, "हेवा करत बसण्यापेक्षा लिहायला बस." पत्रलेखिकेने आपला संदेश पुसून टाकला. त्यानंतर तीन आठवडे दोघी बोललेल्या नाहीत. घरात भावाचे म्हणणे पडले की हेवा म्हणजे मत्सरच, आणि त्याने शब्दकोश उघडून दाखवला. तिथे हेव्यापुढे मत्सर, असूया, द्वेष असे शब्द ओळीने दिलेले होते. पत्राच्या अखेरीस त्या लिहितात, "तिचं पुस्तक येऊ नये असं मला कधीही वाटलं नाही. पण वाचताना ४१व्या पानावर ऱ्हस्व-दीर्घाची एक चूक सापडली आणि क्षणभर बरं वाटलं." माझा शब्द चुकला का, मी मत्सरी आहे का, आणि माफी मागायची तर नेमकी कशाची, असे त्यांचे तीन प्रश्न आहेत.

प्रिय मैत्रीण,

तुम्ही तीन प्रश्न विचारले आहेत आणि ४१व्या पानाची गोष्ट जाता जाता सांगितली आहे. मला ती गोष्टच सर्वांत महत्त्वाची वाटते आणि तिच्याकडे मी येणार आहे. पण आधी ज्या शब्दावरून हे सारे घडले त्याच्याकडे नीट पाहू. माफी कशाची मागायची हे ठरवायचे असेल तर आपल्याकडून काय झाले त्याला नाव द्यावे लागते, आणि तुमच्या बाबतीत दोन निराळ्या गोष्टी एकाच नावाखाली बांधल्या गेल्या आहेत असे मला वाटते.

तुमचे वाक्य आणि तुमच्या मैत्रिणीचे वाक्य शेजारी शेजारी ठेवून पाहा. तुम्ही लिहिलेत, "हेवा वाटला." तिने उत्तर दिले, "हेवा करत बसण्यापेक्षा." नाम तेच राहिले, क्रियापद मात्र बदलले, माझ्या मते सगळी दुखापत या बदलात आहे. "मला हेवा वाटला" या वाक्यात तुम्ही कर्त्याच्या जागी नाही. तिथे 'मला' आहे, आणि वाटणारी गोष्ट आपली आपण येऊन उभी राहिलेली आहे, जशी भूक लागते किंवा आठवण येते. "मी हेवा करते" म्हटले की मात्र ती कृती होते, आणि कृतीची जबाबदारी करणाऱ्यावर येते. मराठीने हा भेद पुष्कळ ठिकाणी जपला आहे. राग येणे निराळे आणि एखाद्याचा राग राग करणे निराळे. कंटाळा येणे निराळे आणि कंटाळा करणे निराळे. म्हणून तर "कंटाळा करू नकोस" असे मुलाला बजावता येते, पण ज्याला कंटाळा आला आहे त्याला "येऊ नये" असे सांगून काही उपयोग नसतो. हेव्याचेही तसेच आहे. तुम्ही मनात उमटलेली एक गोष्ट सांगितलीत आणि तुमच्या मैत्रिणीने ती तुमची वागणूक समजून तिला उत्तर दिले. तिने हे मुद्दाम केले असेल असे मला वाटत नाही. घाईत वाचताना आपण नाम तेवढे ऐकतो आणि क्रियापद आपल्या मनातले लावतो.

आता शब्दकोशाविषयी. तुमच्या भावाने दाखवले ते खोटे नाही, पण कोशात एका ओळीत बसलेले शब्द एकाच अर्थाचे असतात हे गृहीत मात्र तपासून पाहिले पाहिजे. ते शेजारी असतात; एकमेकांच्या घरी त्यांचे जाणेयेणे असते, पण घरे वेगळी असतात. याची परीक्षा सोपी आहे. एकाच वाक्यात एक शब्द काढून दुसरा घालून पाहावा. "हेवा वाटावा अशी कामगिरी" हे आपण भर सभेत, ज्याची कामगिरी आहे त्याच्यासमोर, कौतुकाने म्हणतो. त्याच जागी "द्वेष वाटावा अशी कामगिरी" असे म्हणून पाहा, वाक्य कोसळते. "तो माझा द्वेष करतो" ही तक्रार आहे, "त्याला माझा हेवा वाटतो" हे निरीक्षण आहे, आणि "मला तुझा हेवा वाटतो" ही तर बहुतेक वेळा शाबासकी असते. ती तोंडावर सांगता येते, हेच तिच्या निर्मळपणाचे मोठे लक्षण मला वाटते. "मला तुझा मत्सर वाटतो" असे कोणी कोणाला अभिनंदन करताना सांगत नाही.

मत्सर हा शब्द मुळात फार वेगळा होता. ऋग्वेदात तो सोमाचे विशेषण म्हणून येतो; मद आणणारा, धुंदी चढवणारा, असा त्याचा तिथला अर्थ आहे आणि 'मद' शब्दाशी त्याचे नाते आहे. पुढे तो काम, क्रोध, लोभ, मोह, मद आणि मत्सर या षड्रिपूंच्या यादीत जाऊन बसला, तोही मदाच्या शेजारीच. दुसऱ्याचे चांगले झालेले सहन न होणे आणि त्या न सोसण्यात माणसाचे भान सुटणे, असा त्याचा आजचा अर्थ आहे. तुकोबांनी "कोणाही जिवाचा न घडो मत्सर" म्हटले आहे, त्यातले 'घडो' हे क्रियापद बघण्यासारखे आहे. पाप घडते, सेवा घडते, तसा मत्सर घडतो; म्हणजे मनात काय डोकावून गेले एवढ्यापुरता तो राहत नाही, तो आपल्या हातून दुसऱ्याच्या वाट्याला जातो. अर्थात आपण "मत्सर वाटतो" असेही म्हणतो, तेव्हा सगळा निवाडा क्रियापदावर सोपवता येणार नाही. तरी मत्सराला एक कसोटी लावता येते, आणि ती तुम्ही न विचारताच पार केली आहे. समोरच्याची गोष्ट त्याच्याकडून जावी असे वाटते का, जरी ती आपल्याला मिळणार नसली तरी? तिचे पुस्तक येऊ नये असे कधीही वाटले नाही, असे तुम्ही लिहिता. माझा त्यावर विश्वास आहे. मत्सरी माणूस हे वाक्य लिहायला बसला तर त्याला ते इतक्या सरळपणे लिहिता येत नाही. वाक्यात कुठेतरी 'पण' येतो आणि त्या 'पण'नंतर पुस्तकाचा दर्जा येतो.

नेदरलँड्समधल्या मानसशास्त्रज्ञांनी २००९ साली नेमक्या याच दोन छटा वेगळ्या काढून दाखवल्या, कारण डच भाषेत त्यांना दोन स्वतंत्र शब्द आहेत. एका भावनेत माणसाला स्वतः वर चढावेसे वाटते आणि दुसरीत समोरच्याला खाली ओढावेसे वाटते, असे त्यांना आढळले. मराठी वाचकाला हे ओळखीचे वाटेल. 'जेलस' हा एकच शब्द दोन्हीकडे वापरण्याची सवय आपल्याला अलीकडे लागली आहे, आणि "मी जाम जेलस आहे" हे वाक्य हसत म्हटले तर एक होते आणि दात आवळून म्हटले तर दुसरे. हेवा आणि मत्सर हे दोन शब्द हाताशी असताना त्यांतला फरक बुजू देऊ नये, असे मला कळकळीने वाटते.

मग तुम्ही हेव्याऐवजी दुसरा शब्द वापरायला हवा होता का? पर्याय पाहू. "खूप कौतुक वाटलं" लिहिले असते तर काही बिघडले नसते, पण कौतुकाला किंचित उंचावरून येण्याची सवय आहे. थोरांनी धाकट्यांचे करावे तसे ते होते, आणि १४ वर्षे एकमेकींच्या वाक्यांवर काट मारणाऱ्या दोघींमध्ये ते थोडे परके वाटले असते. "अभिमान वाटला" म्हणताना आपण त्या यशात आपलाही वाटा धरतो. तुमचा वाटा खरोखर असेल, पण तो तुम्ही मागून घेण्यापेक्षा तिने देण्यात शोभा आहे. 'अप्रूप' चांगला शब्द आहे, मात्र त्यात पाहणारा दूर उभा असतो. हेवा या सगळ्यांपेक्षा एक गोष्ट जास्त सांगतो, ती म्हणजे "हे माझ्याकडे नाही आणि मला ते हवे आहे." म्हणणारा त्यात स्वतःची उणीव उघडी करतो. त्या रात्री तुम्ही तिची स्तुती तर केलीतच, शिवाय स्वतःविषयी एक खरी आणि थोडी दुखरी गोष्टही तिच्या हाती दिलीत. शब्द चुकला का, या तुमच्या पहिल्या प्रश्नाला माझे उत्तर 'नाही' असे आहे.

तरीही तो तिला का टोचला असावा, याचा विचार तुम्ही करावा असे मी सुचवेन. हा शब्द सर्वस्वी गोड नाही. 'हेवेदावे' या जोडीत तो बसला की थेट वैराच्या अंगणात जातो, आणि एखाद्याने आयुष्यात तो याच जोडीत अधिक ऐकला असेल तर एकटा आला तरी त्याला तीच चव लागते. तुमच्या मैत्रिणीला पुस्तक निघाल्यानंतर आणखी कोणाकोणाकडून काय काय ऐकावे लागले, हे तुम्हाला ठाऊक नाही. पहिले पुस्तक आलेले माणूस बाहेरून उजळलेले दिसते आणि आतून हळवे असते. कोण मनापासून बोलते आहे आणि कोणाच्या पोटात दुखते आहे, हे ते प्रत्येक शब्दातून चाचपत असते. त्यात तुम्ही ते वाक्य चारचौघांत लिहिलेत. आवाज नाही, चेहरा नाही, आणि दहा माणसे बघत आहेत. दोघीच असताना जे वाक्य मायेचे ठरले असते त्याला तिथे साक्षीदार मिळाले, आणि साक्षीदारांसमोर माणूस उत्तर देतो ते बहुधा साक्षीदारांसाठी. "लिहायला बस" ही तिची ओळ तुम्ही टोमणा म्हणून वाचली आहे. ती टोमणा असेलही. पण १४ वर्षे तुम्ही एकमेकींना हेच सांगत आला आहात ना? तुम्ही तिचे क्रियापद जसे बारकाईने वाचावे असे मी म्हणते, तसे तिचे ते दुसरे अर्धे वाक्यही पुन्हा एकदा, त्या जुन्या सवयीच्या उजेडात वाचून पाहा.

अशीच वेळ आलेल्या इतरांसाठी एक साधी गोष्ट सांगून ठेवते. हेवा या शब्दाआधी येणारा 'चा' कुठे लावायचा, हे आपल्या हातात असते. "तुझा हेवा वाटतो" म्हटले की सगळे माणूसच त्या वाक्यात ओढले जाते. "पहाटे उठून तीन तास लिहिण्याच्या तुझ्या चिकाटीचा हेवा वाटतो" म्हटले की हेवा एका ठरावीक गोष्टीवर येऊन बसतो, आणि ऐकणाऱ्याला कळते की त्याचे कष्ट कोणीतरी पाहिले आहेत. ज्याच्याशी अजून पुरती सलगी नाही त्याला, आणि जो आपल्या हाताखाली काम करतो त्याला, हा शब्द लिहून पाठवूच नये. ज्याला ती गोष्ट दुःखाच्या वाटेने मिळाली आहे, उदाहरणार्थ आजारपणामुळे मिळालेली मोकळीक किंवा कोणाच्या जाण्यामुळे आलेला वारसा, त्याच्याजवळ तर हेव्याचा उच्चारही करू नये.

आता ४१वे पान.

हेवा आणि मत्सर यांच्यामध्ये आणखी एक शब्द आहे, असूया. आपण तो सैलपणाने वापरतो, पण जुन्या कोशकारांनी त्याला फार नेमका अर्थ दिला होता. अमरकोशात ईर्ष्या आणि असूया लागोपाठ येतात. ईर्ष्येला तिथे अक्षान्ति, म्हणजे न सोसणे, असे म्हटले आहे आणि असूयेची व्याख्या "दोषारोपो गुणेष्वपि" अशी आहे. गुण समोर असतानाही त्यांत दोष काढणे, ही असूया. अत्रिऋषींच्या पत्नीचे अनसूया हे नाव याच शब्दाला 'अन्' लावून झाले आहे, आणि गीतेच्या नवव्या अध्यायाच्या पहिल्याच श्लोकात कृष्ण अर्जुनाला "हे गुह्यतम ज्ञान तुला सांगतो, कारण तू अनसूयू आहेस" असे म्हणतो. ऐकणाऱ्याची बुद्धी किती आहे हे तिथे विचारलेले नाही. तो दोष काढायच्या नजरेने ऐकत नाही ना, एवढे पाहिले आहे.

दीडदोनशे पानांचे पुस्तक, त्यातल्या कथा तुम्हाला आवडलेल्या, आणि एका वेलांटीपाशी येऊन तुमचा श्वास मोकळा झाला. तुम्ही शोधत होतात ते सापडले. हे मी दोष देण्यासाठी लिहीत नाही. माझ्या एका सहकाऱ्याचा लेख छापून आला तेव्हा मी तो पेन्सिल हातात धरून वाचला होता, आणि तिसऱ्या परिच्छेदाशी पोहोचल्यावर माझ्या ध्यानात आले की दुसऱ्या कोणाच्याही लेखासाठी मी पेन्सिल घेतली नसती. तो क्षण फार लाजिरवाणा होता आणि तो मी अजून विसरलेले नाही. अशा वेळी हाताला योग्य नाव सापडणे उपयोगी पडते. 'मी मत्सरी आहे' हा आपण स्वतःवर मारलेला शिक्का असतो आणि शिक्क्याचे पुढे काही करता येत नाही. 'त्या पानावर मला असूया वाटली' ही मात्र एक घडलेली गोष्ट आहे. तिला पान आहे, ओळ आहे, वेळ आहे. तिच्याकडे परत जाता येते. तेव्हा तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर असे की मत्सरी म्हणावे असे मला तुमच्या पत्रात काही दिसत नाही, पण असूयेचा एक क्षण तुम्ही स्वतः पकडला आहे आणि तो प्रामाणिकपणे लिहिला आहे.

आता माफीचा प्रश्न. तुमच्यापुढे मला तीन वाटा दिसतात. काहीच न बोलता काळावर सोडणे ही पहिली. तीन आठवडे तुम्ही तीच धरली आहे आणि पुसलेल्या संदेशाची रिकामी जागा त्या समूहावर अजून बोलते आहे, म्हणून ती मला पसंत नाही. हेवा या शब्दाचा खरा अर्थ तिला समजावून सांगणे ही दुसरी. हे पत्र तिला पाठवून देण्याचा मोह तुम्हाला होईल, तो आवरा. रुसलेल्या मैत्रिणीला शब्दार्थ समजावणे म्हणजे तिचे दुखणे अज्ञानातून आले असे सांगणे होय. तिसरी वाट सगळ्याची कबुली देण्याची, ४१व्या पानासकट. ती वाट शूरपणाची दिसते, पण तिने तुमचे ओझे उतरते आणि मैत्रिणीच्या खांद्यावर चढते. तिला त्या क्षणाची झळ लागलेली नाही. ज्याची झळ लागली त्याचीच माफी मागावी, आणि ती गोष्ट म्हणजे तुम्ही चारचौघांत लिहिलेत ही. मी तुमच्या जागी असते तर समूहावर न जाता तिला फोन केला असता आणि म्हटले असते, "त्या रात्री मी सगळ्यांसमोर लिहायला नको होतं. मला तुझ्या पुस्तकाविषयी तुझ्याशी बोलायचं होतं, म्हणून आता बोलते." आणि मग कथांविषयी बोलावे, नावे घेऊन, वाक्ये आठवून. तुम्ही ज्या कथांचे खर्डे वाचले होते त्यांत शेवटच्या हाताने काय बदलले आहे, हे जगात फार थोड्या लोकांना दिसू शकते आणि त्यांपैकी एक तुम्ही आहात.

लिहायला बसण्याविषयी एवढेच सांगते. ईर्ष्या हा शब्द हिंदीत आजही नुसत्या जळण्याचा आहे, मराठीने मात्र त्याला वेगळे वळण दिले. जिंकण्याची ईर्ष्या, ईर्ष्येने केलेला अभ्यास, असे आपण चांगल्या अर्थाने म्हणतो. तुमच्या हेव्याची ईर्ष्या झाली तर वाईट नाही, आणि तिचे पुस्तक काही महिने लिहिण्याच्या टेबलावर समोर राहू द्यायलाही हरकत नाही. फक्त तुमचा खर्डा पूर्ण झाला की तो पूर्वीप्रमाणे तिच्याकडे जाईल, हे आजच ठरवून ठेवा. तो तिच्याकडे पाठवावासा वाटेनासा झाला तर ईर्ष्या मराठीतून पुन्हा हिंदीत गेली असे समजा.

राहिली ती वेलांटी. पहिल्या भेटीत तिचा विषय काढू नका, दुसऱ्याही नाही. पण ज्या दिवशी ती आपणहून विचारेल की पुढच्या आवृत्तीसाठी काही दुरुस्त्या दिसल्या का, त्या दिवशी तिला पान, ओळ आणि शब्द लिहून द्या, आणि त्याआधी सगळे पुस्तक पुन्हा एकदा पहिल्या पानापासून वाचून ठेवा.